इरावतीबाई आणि १४९ कवट्या

इरावती कर्वे हे नाव आपल्यापैकी बहुतेकांना 'युगान्त'मुळे माहीत असते. मराठी घेणाऱ्यांना त्या ललितलेखिका म्हणून ठाऊक, समाजशास्त्र घेणाऱ्यांना जाती व नातेसंबंध यांवरील ग्रंथांच्या कर्त्या म्हणून. माझे दोन्ही विषय असल्यामुळे त्या मला आठवड्यातून दोनदा भेटतात. परंतु त्यांच्या नावामागे डॉक्टर लागले ते महाभारतामुळे नव्हे आणि जातींच्या अभ्यासामुळेही नव्हे. ते लागले माणसांच्या कवट्या मोजल्यामुळे. हे काम त्यांनी बर्लिनमध्ये केले, आणि त्यातून निघालेले उत्तर त्यांच्या मार्गदर्शकांना नको होते. बाईंचे सारे चरित्र एका लेखात मावणार नाही. तेव्हा कवट्यांच्या ह्या गोष्टीसाठी मी अधिक पाने घेणार आहे, हे वाचकांनी आधीच समजून घ्यावे.

बाईंचा जन्म १५ डिसेंबर १९०५ चा, ब्रह्मदेशातील म्यिंजान गावचा. वडील गणेश हरी करमरकर तेथे एका कापूस कंपनीत नोकरीला होते. तिथल्या मोठ्या नदीवरून मुलीचे नाव इरावती ठेवले. सातव्या वर्षी तिला पुण्याला हुजूरपागेच्या शाळेत, वसतिगृहात धाडले. सात वर्षांची पोर आणि मध्ये समुद्र! शाळेत शकुंतला परांजपे ही मैत्रीण मिळाली आणि मैत्रिणीबरोबर तिचे घरही मिळाले. शकुंतलेचे वडील म्हणजे रँग्लर र. पु. परांजपे, फर्ग्युसन कॉलेजचे प्राचार्य आणि नावाजलेले बुद्धिवादी. त्या घरात इरावती दुसऱ्या मुलीसारखी वाढली. भिंतभर पुस्तके आणि कोणत्याही विषयावर मोकळा वाद, असे ते घर. ज्यांच्या घरात पंचांगाखेरीज छापील कागद नसतो अशा आपल्यासारख्यांनी येथे थोडा हेवा केला तर तो क्षम्य मानावा.

फर्ग्युसनमधून १९२६ साली तत्त्वज्ञान घेऊन त्या बी. ए. झाल्या. पुढे मुंबई विद्यापीठात डॉ. गो. स. घुर्ये यांच्या हाताखाली त्यांनी एम. ए. साठी चित्पावन ब्राह्मणांवर, म्हणजे आपल्याच जातीवर, प्रबंध लिहिला. ते वर्ष १९२८. मध्यंतरी दिनकर धोंडो कर्वे यांच्याशी विवाह झाला होता. दिनकरराव रसायनशास्त्राचे प्राध्यापक आणि महर्षी अण्णासाहेब कर्वे यांचे चिरंजीव. ते स्वतः जर्मनीत शिकून आलेले असल्यामुळे पत्नीनेही तेथे जावे असे त्यांना वाटे. ज्या अण्णांनी विधवांसाठी व मुलींसाठी उभे आयुष्य वेचले, त्यांना सुनेचे हे परदेशी जाणे पसंत नव्हते असे सांगतात. घरचे आणि बाहेरचे यांत असे अंतर मोठ्या माणसांकडेही असते. पैशांसाठी जीवराज मेहता यांनी कर्ज दिले आणि १९२८ च्या अखेरीस बाई निघाल्या.

बर्लिनच्या डालेम भागात १९२७ साली कैसर विल्हेल्म संस्थेची एक नवी शाखा उघडली होती. मानववंशशास्त्र, मानवी आनुवंशिकता व सुप्रजनन असे तिचे लांबलचक नाव होते. तिचे संचालक ऑयगेन फिशर हे बाईंचे मार्गदर्शक. १९०८ साली आफ्रिकेच्या नैर्ऋत्येकडील जर्मन वसाहतीत, म्हणजे आजच्या नामिबियात, जाऊन त्यांनी युरोपीय पुरुष व आफ्रिकी स्त्रिया यांच्या संततीचा अभ्यास केला होता. वंशांचे मिश्रण घातक, असे त्यांचे मत होते. ज्या वसाहतीत ते गेले, तिथेच १९०४ ते १९०८ या काळात हेरेरो व नामा लोकांची जर्मन फौजेने भीषण कत्तल केली होती. आफ्रिकेतील जर्मन वसाहतींतून माणसांच्या कवट्या खोक्यांत भरून बर्लिनला येत असत. फडताळांवर चिठ्ठ्या लावून त्या मांडलेल्या असत.

फिशर यांनी बाईंना जो विषय दिला तो समजण्यासाठी मेंदूची थोडी माहिती घ्यावी लागेल. आपण कला शाखेचे असलो म्हणून बिचकण्याचे कारण नाही. मेंदूचे उजवा व डावा असे दोन अर्धगोल असतात. चित्रात ते आरशातल्या प्रतिमेसारखे सारखे दिसतात, पण प्रत्यक्षात तसे नसतात. बहुतेक माणसांत उजवा अर्धगोल कपाळाच्या बाजूला डाव्यापेक्षा किंचित पुढे आलेला असतो आणि डावा अर्धगोल डोक्याच्या मागच्या बाजूला उजव्यापेक्षा किंचित मागे गेलेला असतो. जणू कुणी संपूर्ण मेंदूला हलकासा पीळ दिला आहे. हा फरक काही मिलिमीटरांचा असतो. तान्ह्या बाळाची टाळू मऊ असते, कवटीची हाडे अजून सांधलेली नसतात, आणि वाढता मेंदू आतून कवटीला आकार देत असतो. त्यामुळे जो भाग पुढे सरकलेला, त्याचा ठसा कवटीच्या आतल्या अंगावर उमटतो. कुंभार मडके थापटताना आतून दगडी गोळा धरतो. गोळ्याचा दाब जिथे जास्त, तिथे मडक्याला बाक येतो. साधारण तसेच हे.

एका अर्धगोलाच्या दुसऱ्यापेक्षा पुढे येण्याला आणि त्याच्या कवटीतील ठशाला मेंदूच्या शरीररचनाशास्त्रात पेटालिया म्हणतात. मराठी पुस्तकांत हा शब्द सहसा येत नाही, म्हणून तो तसाच ठेवते. त्याच्या वापराची एक खुबी ध्यानात घेण्याजोगी आहे. नुसता पेटालिया असे म्हणून भागत नाही. बाजू आणि जागा दोन्ही सांगाव्या लागतात: उजवा पुढचा पेटालिया, डावा मागचा पेटालिया. एकाच कवटीत हे दोन्ही एकदम असू शकतात, किंबहुना बहुधा असतातच. शिवाय शब्द तुलनेचा आहे. उजवा पुढचा पेटालिया म्हणजे त्याच माणसाच्या डाव्या बाजूपेक्षा उजवी बाजू पुढे. शेजारच्या माणसापेक्षा तो पुढे, असा अर्थ त्यातून निघत नाही. तो भाग अधिक चांगला चालतो किंवा त्या माणसाला अक्कल अधिक, हे तर त्या शब्दात कुठेच नाही. लांबी सांगणाऱ्या शब्दातून गुण काढता येत नाही, जसे एखाद्याचा उजवा पाय डाव्यापेक्षा अर्धे बोट लांब म्हणून तो चांगला धावतो असे आपण म्हणत नाही.

फिशर यांची कल्पना नेमकी ह्याच जागी घसरत होती. गोरे युरोपीय लोक तर्कशुद्ध विचार करतात, तर्काचे स्थान उजव्या कपाळामागील भागात, तेव्हा तो भाग त्यांच्यात मोठा असणार आणि त्याला जागा देण्यासाठी त्यांची कवटी एका बाजूने अधिक फुगीर असणार. इतर वंशांत तसे नसणार. असा तो अनुमानाचा जिना होता. प्रत्येक पायरीवर नुसते 'असणार'. बाईंनी हे मोजून दाखवावे अशी अपेक्षा होती.

आमच्याकडे मूल जन्मल्यावर पाचव्या दिवशी सटवाई येऊन त्याच्या कपाळावर नशीब लिहून जाते असे मानतात. त्या रात्री पाटावर कोरा कागद आणि लेखणी ठेवतात. कवटीवर सांध्यांच्या ज्या नागमोडी रेघा दिसतात ते सटवाईचेच अक्षर, असे माझी आजी सांगते. बर्लिनच्या संस्थेतली सटवाई प्रयोगशाळेचा डगला घालून बसली होती इतकाच काय तो फरक. आजीची सटवाई निदान प्रत्येक पोरासाठी वेगळे लिहिते. ही मात्र एका अख्ख्या वंशाला एकच ओळ देत होती.

बाईंनी १४९ कवट्या मोजल्या. एकेक कवटी हातात घ्यायची, कॅलिपर लावायचा, उजवीकडचे माप, डावीकडचे माप, आणि ते आकडे मांडून ठेवायचे. ह्या कवट्यांत युरोपीय होत्या तशाच वसाहतींतून आणलेल्याही होत्या. महाराष्ट्रातील तेवीस वर्षांची मुलगी. तिचा स्वतःचा देश तेव्हा गोऱ्यांच्या राज्याखाली. परक्या भाषेत शिकायचे, आणि टेबलावर ज्यांना कुणी मूठमाती दिली नाही अशा माणसांची डोकी. त्यांच्या मनात काय येत असेल याची मी कल्पना लढवणार नाही. कामात मात्र त्यांनी कुठे हात आखडता घेतल्याचे दिसत नाही.

उत्तर निघाले ते असे. कवट्या दोन्ही बाजूंनी सारख्या नव्हत्याच, हे खरे. पण हा असमानपणा सर्वच समूहांत होता आणि त्याचा वंशाशी काही मेळ बसत नव्हता. प्रबंधाच्या जर्मन नावाचा अर्थच मुळी मानवी कवटीची स्वाभाविक असममिती असा आहे. ह्यातला स्वाभाविक हा शब्द मला फार महत्त्वाचा वाटतो. वाकडेपणा ही माणसाच्या डोक्याची सर्वसाधारण स्थिती ठरली. त्यावर कुणा एकाची मालकी राहिली नाही.

मार्गदर्शकांनी हा निष्कर्ष आनंदाने स्वीकारला नाही, हे सांगायला नको. बाईंना पदवी मिळाली, पण उत्तीर्ण होण्यापुरतीच श्रेणी मिळाली. प्रबंध १९३१ साली जर्मनीत छापला गेला आणि पुढे पुष्कळ वर्षे त्याकडे फारसे कुणाचे लक्ष गेले नाही. २०२४ साली बाईंची नात ऊर्मिला देशपांडे आणि थियागो पिंटो बार्बोसा या मानववंशशास्त्रज्ञाने मिळून लिहिलेले त्यांचे इंग्रजी चरित्र निघाले, तेव्हा कुठे ही हकिकत सर्वसामान्य वाचकांपर्यंत आली.

येथे जरा माझे सांगते. मी ज्या शाळेत शिकले तिचे नाव लिहीत नाही. तिथे नववीत असताना एका शिक्षकांनी आमच्या बाकांच्या ओळीकडे बोट दाखवून सांगितले होते की ह्यांच्या डोक्यात गणित उतरत नसते, ह्या लोकांची डोकीच वेगळी घडलेली असतात. आमच्या ओळीत कोण कोण बसत होते हे आपल्या भागातल्या वाचकांना सांगण्याची गरज नाही. घरी जाऊन मी आरशात डोके निरखून पाहिले होते. आमच्या घरात कॉलेजची पायरी चढलेली मी पहिली. त्यामुळे ह्यांचे-त्यांचे डोके कसे असते हा प्रश्न विचारावा असे घरात कुणी नव्हते. तो प्रश्न १९२८ साली कुणी तरी खरोखर कॅलिपर घेऊन विचारला होता आणि विचारणारी मराठी बोलणारी होती, हे कळले तेव्हा त्या दिवशीचा तास मी पुढे नीट ऐकलाच नाही.

डोकी तपासण्याची एक जुनी गोष्ट आपल्या जिल्ह्यातलीही आहे. तेरच्या गोरोबाकाकांनी संतांच्या मेळ्यात थापटणे घेऊन एकेकाचे डोके ठोकून पाहिले आणि नामदेवांचे मडके कच्चे ठरवले, ही कथा आपण लहानपणापासून ऐकत आलो. नामदेवांना राग आला, पण मडके पुढे भाजून पक्के होऊ शकते हे त्या कथेत गृहीतच आहे. त्यांनी गुरू केला आणि गोष्ट पुढे सरकली. फिशर यांच्या कपाटात भट्टीची सोयच नव्हती.

आज या विषयाचे ज्ञान बरेच पुढे गेले आहे. जिवंत माणसाच्या मेंदूची चित्रे घेता येऊ लागल्यावर तो हलका पीळ जगभरच्या माणसांत आढळला. उजव्या हाताने काम करणाऱ्यांत तो अधिक स्पष्ट असतो, डावखुऱ्यांत कमी, कधी उलटाही. आदिमानवाच्या जीवाश्म कवट्यांच्या आतून साचा घेतला तर तेथेही पेटालियाच्या खुणा मिळतात. थोड्याफार प्रमाणात त्या वानरांतही आहेत. म्हणजे जी गोष्ट फिशर युरोपात शोधत होते ती माणूस माणूस होण्याच्या आधीपासूनची निघाली. आणखी एक गंमत अशी की पॅरिसच्या पॉल ब्रोका यांनी १८६१ साली एका रुग्णाच्या मेंदूवरून बोलण्याची शक्ती कपाळामागच्या भागाशी जोडली, तो भाग डावा. त्या रुग्णाला टॅन एवढेच एक अक्षर बोलता येई. बहुतेकांची भाषा डावीकडेच असते, मग ती फ्रेंच असो, जर्मन असो की आपली मराठवाडी.

फिशर यांचे पुढे काय झाले तेही सांगायला हवे. १९३३ साली हिटलर सत्तेवर आला आणि त्याच वर्षी ते बर्लिन विद्यापीठाचे रेक्टर झाले. सक्तीने निर्बीजीकरण करण्याच्या धोरणाला त्यांच्या संस्थेने शास्त्राचा शिक्का पुरवला. १९४० साली ते नाझी पक्षात गेले. एवढे करून १९६७ पर्यंत, म्हणजे 'युगान्त' निघाले त्या वर्षापर्यंत, ते जगले. वसाहतींतून आणलेल्या कवट्यांपैकी २० कवट्या बर्लिनच्या शारिटे रुग्णालयाने २०११ साली नामिबियाला परत दिल्या.

परत आल्यावर बाईंनी काही वर्षे मुंबईला श्रीमती नाथीबाई दामोदर ठाकरसी महिला विद्यापीठात प्रशासनाचे काम केले. ते त्यांच्या पिंडाचे नव्हते. १९३९ साली पुण्याचे डेक्कन कॉलेज संशोधनसंस्था म्हणून पुन्हा सुरू झाले, तेथे त्या आल्या आणि अखेरपर्यंत तेथेच राहिल्या. पुण्यात स्कूटर चालवणारी पहिली बाई अशी त्यांची ख्याती झाली. घरात त्या पतीला दिनू म्हणत, आणि मुलेही आईला इरू म्हणत. माझ्या आजीने उखाण्याखेरीज आजोबांचे नाव कधी तोंडातून काढले नाही. तिला मी हे सांगितले तेव्हा तिने दोन्ही कानांवर हात ठेवले आणि मग हळूच, ती बाई दिसायला कशी होती, असे विचारले. मुलांपैकी जाई निंबकर आणि गौरी देशपांडे लेखिका झाल्या, आनंद कर्वे शास्त्रज्ञ.

बाईंचे खरे काम रस्त्यावर आणि पाड्यांवर झाले. गुजरातेत लांघणज येथे ह. धी. सांकळिया यांच्या उत्खननात माणसांचे प्राचीन सांगाडे निघाले, त्यांच्या अभ्यासात त्या होत्या. खानदेशातील भिल्ल, कोयना धरणाने उठवलेली गावे, देशभरातील नात्यांचे शब्द असे कितीतरी त्यांनी गोळा केले. भारतातील नातेसंबंधांवरचा त्यांचा इंग्रजी ग्रंथ १९५३ साली निघाला.

एक गोष्ट मात्र मला खटकते आणि ती लिहायला हवी. बर्लिनमध्ये जे उत्तर मिळाले त्यानंतरही बाईंनी कॅलिपर खाली ठेवला नाही. महाराष्ट्रातील जातीजातींची डोकी, नाके, उंची त्या मोजत राहिल्या. पुढे रक्तगट आले. ज्या हत्याराने फिशर यांनी माणसांची प्रतवारी लावली तेच हत्यार गावोगाव घेऊन जायचे कशाला, असे आज वाचताना मनात येतेच. काही अभ्यासकांनी त्यांच्यावर तसा आक्षेप घेतलाही आहे, आणि तो अगदीच पोकळ नाही. बाईंच्या बाजूने एवढे म्हणता येईल की माप घेण्याआधी उत्तर लिहून ठेवण्याची सवय त्यांना कधी लागली नाही. घुर्ये यांच्याशी त्यांचा मतभेद झाला तोही असाच. एक मूळ समाज फुटून जाती झाल्या, हे मत त्यांना पटेना. वेगवेगळे समूह शेजारी येऊन बसले, एकच धंदा व एकच नाव घेऊनही रक्ताने वेगळे राहिले, असे त्यांना आकड्यांतून दिसले. कुंभारांचे उदाहरण त्या देत. चाक वेगळे, पद्धत वेगळी, आणि बेटीव्यवहार नाही, तरी बाहेरच्याला सगळे कुंभारच. ह्यात तेरच्या माणसाला नवल वाटणार नाही.

मोजमाप बाजूला ठेवून त्या पंढरीच्या वाटेला लागल्या तेव्हाचा त्यांचा लेख आपल्याला अभ्यासाला नसला तरी जरूर वाचावा. दिंडी एक, भजन एक, विठोबा एक. पण ब्राह्मणांची चूल वेगळी आणि मराठ्यांची वेगळी. बाईंना ते सोसले नाही. मराठा बायांच्या पंगतीला त्या जेवायला बसल्या, तेव्हा त्या बाया त्यांच्याशी अधिक मोकळेपणाने वागू लागल्या. आमच्या गावातून वारीला जाणाऱ्या बायकांना मी हे वाचून दाखवले. एकीने इतकेच विचारले, की भाकरी कुणी थापली होती.

'युगान्त' १९६७ साली आले आणि १९६८ साली त्याला साहित्य अकादमीचा पुरस्कार मिळाला. त्याच १९६८ मध्ये कैलाशचंद्र मल्होत्रा यांच्यासह बाईंनी एक शोधनिबंध प्रसिद्ध केला. त्याची चर्चा मराठी वाचकांत फारशी झाली नाही. महाराष्ट्रातील आठ ब्राह्मण जाती त्यांनी घेतल्या होत्या. सगळ्या एका पायरीवरच्या समजल्या जाणाऱ्या, आणि बाहेरून पाहणाऱ्याला एकच. शरीराची मापे व रक्ताच्या चाचण्या यांवरून त्यांची तुलना केली, तर त्या आपापसातच पुष्कळ वेगळ्या निघाल्या. एम. ए. च्या प्रबंधाला तेव्हा चाळीस वर्षे झाली होती. ११ ऑगस्ट १९७० रोजी पुण्यात बाईंचे निधन झाले. 'गंगाजल' हा लेखसंग्रह त्यांच्या मागे, १९७२ साली निघाला.